चोरी केली नाही, मग दुप्पट बिल कसलं? बर्फ कारखाना, कोल्ड स्टोरेज चालवणाऱ्यांनी वाचावंच असं काही

मच्छीमार बंधू-भगिनींनो आणि बोटमालकांनो,

पावसाळी बंदीच्या दिवसांत आपल्या सोसायटीच्या कार्यालयात जाळी, इंजिन, डिझेल यांच्या जोडीला आणखी एक विषय हमखास निघतो, तो विजेच्या बिलाचा. कुणाचा बर्फाचा कारखाना आहे, कुणाचं छोटं कोल्ड स्टोरेज, कुणाची कोळंबीची तळी, तर कुणी घराच्या पडवीत दोन डीप फ्रीझर ठेवून मासळी विकतं. आणि सगळ्यांचा प्रश्न एकच असतो : "सचिवसाहेब, आम्ही आकडा टाकला नाही, मीटरला हात लावला नाही, महिन्याचं बिल वेळेवर भरलं. मग हे अनधिकृत वापराचं लाखांचं बिल कसलं?"

प्रश्न रास्त आहे. पण त्याचं कायद्यातलं उत्तर बऱ्याच जणांना माहीत नसतं. आणि ते माहीत नसल्यामुळे माणसं चुकीच्या दारात जातात, मुदत घालवतात आणि जिंकता येण्यासारखी बाजूही हरतात. म्हणून आज हा लांब लेख. एका बैठकीत वाचून झाला नाही तर जपून ठेवा, पण कारखान्याच्या मीटरखोलीत जाण्याआधी एकदा पुरा वाचा.

बर्फ म्हणजे वीज

आपल्या धंद्यात बर्फाला काय किंमत आहे ते सांगायला नको. मालिम असो, कुटबण असो, बेतूल असो की शापोरा, ट्रॉलर जेटीवरून सुटण्याआधी बर्फ भरावाच लागतो. आणि बर्फाच्या लादीच्या खर्चात पाण्यापेक्षा विजेचा वाटा मोठा. कॉम्प्रेसर, कंडेन्सरचा पंप, मिठाच्या पाण्याच्या टाकीतला ढवळणारा पंखा, साचे उचलणारी क्रेन, बर्फ फोडायचं मशीन हे सगळं विजेवर चालतं. हंगामात कॉम्प्रेसर रात्रंदिवस चालू. अशा छोट्या कारखान्यावर एकदम चार-पाच लाखांचं जादा बिल आलं की दोनच वाटा उरतात : एक तर बर्फाचा दर वाढवायचा, नाहीतर कारखाना बंद ठेवायचा. दोन्हीचा फटका शेवटी बोटीला बसतो, खलाशाच्या वाट्याला बसतो.

म्हणजे हा विषय एकट्या कारखानदाराचा नाही, आपल्या सगळ्यांचा आहे.

कायद्यात दोन वेगळे खण आहेत

विद्युत कायदा, २००३ हा केंद्राचा कायदा. तो गोव्यात, महाराष्ट्रात, कर्नाटकात सगळीकडे लागू आहे. या कायद्यात दोन कलमं आहेत आणि त्यांच्यातला फरक समजला की अर्धं कोडं सुटतं.

पहिलं कलम १२६, अनधिकृत वापर. हे दिवाणी स्वरूपाचं आहे. इथे पोलीस नाहीत, तुरुंग नाही. अधिकारी तपासणी करतो, आकारणी करतो आणि त्या प्रकारच्या वापराला लागू असलेल्या दराच्या दुप्पट दराने पैसे मागतो. पूर्वी हा दर दीडपट होता, २००७ च्या दुरुस्तीने दुप्पट झाला.

दुसरं कलम १३५, वीजचोरी. हा गुन्हा आहे. तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही. खटला विशेष न्यायालयात चालतो.

मोठा फरक असा की चोरीत अप्रामाणिक हेतू लागतो. कलम १२६ मध्ये हेतूचा प्रश्नच येत नाही. तुम्ही मुद्दाम केलं की नकळत झालं हे तिथे बघत नाहीत. वापर परवानगीबाहेरचा होता का, एवढंच बघतात. "आम्ही चोरी केली नाही" हे उत्तर खरं असूनही कलम १२६ च्या नोटिशीला पुरत नाही, ते यामुळेच.

अनधिकृत म्हणजे नेमकं काय?

कायद्याने पाच प्रकार सांगितले आहेत. आपल्या धंद्याच्या भाषेत मांडतो.

एक, कृत्रिम साधनाने घेतलेली वीज.

दोन, वीज खात्याने मंजूर न केलेल्या मार्गाने घेतलेली वीज.

तीन, छेडछाड झालेल्या मीटरमधून वापरलेली वीज.

चार, ज्या कामासाठी जोडणी दिली ते सोडून दुसऱ्या कामासाठी केलेला वापर. घरगुती जोडणीवर धंद्याचे मोठे फ्रीझर चालवले किंवा शेतीच्या पंपाच्या जोडणीवर दुसराच उद्योग सुरू केला, तर वाद इथे उभा राहतो.

पाच, ज्या जागेसाठी जोडणी दिली ती सोडून दुसऱ्या जागेत नेलेली वीज. आपल्याकडे हे सर्रास होतं आणि कुणाला त्यात काही वावगं वाटत नाही. बंदीच्या काळात बोट किनाऱ्यावर ओढली, वेल्डिंग करायचं आहे, मग शेजारच्या बर्फ कारखान्यातून केबल ओढली. शेजारधर्म म्हणून दिली, पैसेही घेतले नाहीत. पण कायद्याच्या नजरेत कारखान्याची वीज कारखान्याच्या जागेबाहेर गेली. अशा कामाला तात्पुरती जोडणी मिळते, तीच घ्यावी.

आता तुम्ही म्हणाल, या पाचांत लोडचं नाव कुठे आहे? मंजुरी ६० किलोवॅटची आणि प्रत्यक्षात मशिनं ७० किलोवॅटची, मीटर सगळं मोजतोय, बिल सगळं भरलंय, तर तो अनधिकृत वापर कसा? नेमका हाच प्रश्न एका भातगिरणीने थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत नेला.

ओडिशाच्या भातगिरणीचा खटला

सीताराम राईस मिल ही ओडिशातली गिरणी. तिची जोडणी मध्यम उद्योग या वर्गात होती आणि करारातली मागणी ९९ केव्हीए. जून २००९ मध्ये तपासणी झाली. मीटरमधली नोंद काढली तेव्हा कमाल मागणी १४२ केव्हीएपर्यंत गेल्याचं दिसलं. जुलै २००९ मध्ये तात्पुरत्या आकारणीचा आदेश आला : ७,७७,३०० रुपये.

गिरणीचं म्हणणं थोडक्यात असं : मीटरमध्ये छेडछाड नाही, चोरी नाही, मंजुरीपेक्षा जास्त मागणी गेली एवढंच. तो काही अनधिकृत वापर नव्हे. गिरणीने आकारणी अधिकाऱ्यापुढे हरकत लढवण्याऐवजी थेट उच्च न्यायालय गाठलं. तिथे ती जिंकली. वीज कंपनी सर्वोच्च न्यायालयात गेली.

२० ऑक्टोबर २०११ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला आणि तो देशभरच्या छोट्या उद्योगांना लागू झाला. न्यायालयाने सांगितलं की मंजूर लोडपेक्षा जास्त वीज ओढणं हेही परवानगी नसलेल्या मार्गाने केलेल्या वापरात बसतं, म्हणून कलम १२६ लागू होतं. कारण असं की एकाने जास्त ओढलं की त्याचा भार त्याच ट्रान्सफॉर्मरवरच्या बाकीच्यांवर आणि सगळ्या यंत्रणेवर येतो. कलम १३५ साठी मात्र अप्रामाणिक हेतू लागतो, हा भेदही याच निकालात स्पष्ट झाला.

आणि मग गिरणीचं काय झालं? प्रकरण परत आकारणी अधिकाऱ्याकडे गेलं, हरकत मांडण्याची मुभा देऊन. म्हणजे दोन वर्षांहून अधिक काळ कोर्टकचेरी केल्यावर गिरणी परत त्याच टेबलासमोर उभी राहिली, जिथे ती पहिल्या महिन्यात उभी राहू शकली असती. आपण शिकायचं ते हेच.

केरळात पुढे आणखी एक वळण आलं. तिथल्या २०१४ च्या वीज पुरवठा संहितेत एक नियम होता : त्याच जागेत, त्याच दराखाली लोड वाढला तर काही अपवाद सोडून तो अनधिकृत वापर धरू नये. ग्राहकांना तो सोयीचा होता. पण डिसेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की हा नियम मूळ कायद्याच्या कलम १२६ शी विसंगत आहे, म्हणून टिकणार नाही. अर्थ सरळ आहे. राज्याचा नियम काहीही सवलत देवो, केंद्राच्या कायद्याला छेद देत असेल तर त्यावर विसंबून राहता येत नाही.

लोड वाढतो कसा?

आपल्या कारखान्यांत लोड वाढतो तो बहुतेक वेळा कुणाच्या लक्षात न येता. जुनी मोटर जळाली, बाजारात तीच मिळाली नाही, म्हणून ४० अश्वशक्तीच्या जागी ५० ची बसवली. पाणी कमी पडतं म्हणून दुसरा पंप लावला. हंगामात मागणी वाढली म्हणून बर्फ फोडायचं दुसरं मशीन आणलं. प्रत्येक वेळी इलेक्ट्रिशियन येऊन जोडून गेला. वीज खात्याला कुणी कळवलं नाही.

हिशेब साधा आहे. १ अश्वशक्ती म्हणजे ०.७४६ किलोवॅट. ४० ची मोटर साधारण ३० किलोवॅट, ५० ची साधारण ३७. एका मोटरीत सात किलोवॅटचा फरक. दोन-तीन बदल झाले की वीस किलोवॅट कधी वाढले ते कळत नाही.

बिल एवढं फुगतं कसं?

बहुतेक राज्यांच्या पुरवठा संहितेत आकारणीचं सूत्र असतं : लोड गुणिले दिवस गुणिले तास गुणिले एक ठरावीक गुणक. किती दिवस धरायचे? कायदा सांगतो की अनधिकृत वापर जेवढा काळ झाला तेवढा पूर्ण काळ. तो काळ ठरवता आला नाही, तर तपासणीच्या आधीचे १२ महिने.

एक उदाहरण घेऊ. आकडे फक्त समजण्यासाठी आहेत, कुठल्याही दरपत्रकातले नाहीत. जादा लोड १० किलोवॅट, दिवसाला २० तास, गुणक ०.६, दर ६ रुपये युनिट, आणि आकारणी फक्त जादा लोडवर.

रोजचे युनिट १२०. वर्षाचे ३६५ दिवस धरले तर ४३,८०० युनिट. दुप्पट दराने, म्हणजे १२ रुपयांनी, ५,२५,६०० रुपये.

आता आपल्या धंद्याची बाजू बघा. गोव्यात १ जून ते ३१ जुलै असे ६१ दिवस यांत्रिकी मासेमारीला बंदी असते. समजा त्या काळात तुमचा कारखाना पूर्ण बंद होता आणि ते तुम्ही कागदावर दाखवू शकलात. मग दिवस उरले ३०४, युनिट ३६,४८० आणि रक्कम ४,३७,७६०. फरक ८७,८४० रुपयांचा. मोटर सहा महिन्यांपूर्वीच बदलली असं पावतीवरून सिद्ध झालं तर फरक आणखी मोठा.

अधिकारी हे मान्य करीलच असं नाही. पण मुद्दा मांडायचा हक्क कायद्याने दिलेला आहे, आणि तो मांडायला लागतो कागद : रोजच्या उत्पादनाची वही, बंदीच्या महिन्यांची बिलं, मोटर खरेदीची पावती, दुरुस्तीचं बिल. तोंडी सांगितलेलं कुणी लिहून घेत नाही.

मुदतींचं भरती-ओहोटीचं गणित

ओहोटीला बोट खाडीबाहेर काढता येत नाही, तसंच इथे आहे. वेळ गेली की गेली.

तपासणी झाली की तात्पुरत्या आकारणीचा आदेश मिळतो. त्यावर हरकत घेण्याचा तुम्हाला हक्क आहे. हरकतीची मुदत आदेशात बघा आणि त्या मुदतीत लेखी हरकत द्या. पोच घ्या. तुमचं म्हणणं ऐकून अधिकाऱ्याने अंतिम आदेश काढायचा असतो, आणि तो तात्पुरता आदेश तुम्हाला मिळाल्यापासून ३० दिवसांत.

तात्पुरती आकारणी मान्य असेल तर ७ दिवसांत पैसे भरून विषय मिटवता येतो. पण सांभाळा. संमतीने झालेल्या अंतिम आदेशावर अपील करता येत नाही. "आत्ता भरून टाकू, मग बघू" म्हणून मान्यतेच्या कागदावर सही केलीत, तर ते "मग" उरत नाही.

अंतिम आदेश मान्य नसेल तर कलम १२७ खाली ३० दिवसांत अपील. आणि अपील दाखल करून घेण्यासाठी आकारलेल्या रकमेपैकी निम्मी आधी भरावी लागते. वरच्या उदाहरणात ५,२५,६०० चे निम्मे म्हणजे २,६२,८००. हंगाम सुरू व्हायच्या तोंडावर एवढी रक्कम उभी करणं किती कठीण, हे मी तुम्हाला सांगायला नको. म्हणूनच पहिल्या हरकतीतच जीव ओतायचा. तिथे एक पैसा भरावा लागत नाही.

पैसे भरायला चुकलात तर आदेशापासून ३० दिवसांनंतर वर्षाला १६ टक्के व्याज लागतं आणि ते दर सहा महिन्यांनी चक्रवाढ होतं.

अपिलातला निर्णय अंतिम असतो. त्यापुढे घटनेच्या आधारे उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. आपल्यासाठी ते म्हणजे पर्वरीतलं मुंबई उच्च न्यायालयाचं गोवा खंडपीठ.

चुकीच्या दारात जाऊ नका

बरेच जण ग्राहक न्यायालयात जायचा सल्ला देतात. १ जुलै २०१३ रोजी उत्तर प्रदेशातल्या प्रकरणांवर निर्णय देताना सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की कलम १२६ च्या आकारणीविरुद्ध किंवा वीजचोरीच्या कारवाईविरुद्ध ग्राहक न्यायालयात तक्रार चालत नाही. दिवाणी न्यायालयाचं दार कलम १४५ ने बंद केलेलं आहे. वीज ग्राहक तक्रार निवारण मंच आणि लोकपाल आहेत, पण त्यांच्या नियमांतही सर्वसाधारणपणे १२६ आणि १३५ ची प्रकरणं वगळलेली असतात. मीटर बिघडला, बिल चुकलं, जोडणीला उशीर झाला, अशा तक्रारींसाठी ती दारं योग्य. अनधिकृत वापरासाठी नाहीत.

चुकीच्या दारात सहा महिने गेले तर अपिलाचे ३० दिवस केव्हाच संपलेले असतात.

प्रकरण चोरीवर गेलं तर

मीटरचं सील तुटलेलं सापडलं, आकडा सापडला, तर विषय कलम १३५ वर जातो. तिथे पुरवठा ताबडतोब तोडता येतो आणि तोडल्यापासून २४ तासांत पोलीस तक्रार करावी लागते. आकारलेली रक्कम भरली की ४८ तासांत जोडणी परत जोडून देण्याची तरतूद आहे. कोल्ड स्टोरेजमध्ये माल असेल तर हे ४८ तास महत्त्वाचे.

कृत्रिम साधन किंवा परवानगीबाहेरचा मार्ग वापरल्याचं सिद्ध झालं, तर चोरी ग्राहकानेच केली असं गृहीत धरलं जातं. तसं नाही हे दाखवायची जबाबदारी ग्राहकावर येते. सील कुणी तोडलं ठाऊक नाही, हे तेव्हा चालत नाही. मीटरखोलीला कुलूप आणि सीलची महिन्याला पाहणी, हा स्वस्तातला विमा आहे.

गुन्हा तडजोडीने मिटवायची सोय कलम १५२ मध्ये आहे, पण एकदाच. कायद्यातल्या तक्त्याप्रमाणे उद्योगासाठी दर किलोवॅटला किंवा अश्वशक्तीला २०,००० रुपये. ६० किलोवॅटच्या कारखान्याला १२ लाख. आकारणीची रक्कम याहून वेगळी.

चोरीचा गुन्हा असला म्हणून कलम १२६ टळतं असंही नाही. पश्चिम बंगालमधल्या एका धातू कारखान्याच्या खटल्यात २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की चोरी हाही अनधिकृत वापरच आहे, म्हणून दोन्ही कारवाया होऊ शकतात.

सोसायट्यांच्या संचालकांनी कलम १४९ लक्षात ठेवावं. जोडणी संस्थेच्या नावावर असेल आणि गुन्हा झाला, तर त्या वेळी कामकाजाची जबाबदारी ज्यांच्याकडे होती त्यांनाही जबाबदार धरलं जाऊ शकतं. आपल्याला माहीत नव्हतं किंवा आपण योग्य ती काळजी घेतली होती, हे त्यांना सिद्ध करावं लागतं. काळजी घेतल्याचा पुरावा म्हणजे पुन्हा कागदच.

खात्याची चूक आणि आपला वापर, दोन्ही एक नाहीत

काही वेळा जादा बिल येतं ते खात्याच्याच चुकीमुळे. दर चुकीचा लावला, मीटरचा गुणक चुकीचा धरला. ही अनधिकृत वापराची प्रकरणं नव्हेत. इथे दुप्पट दर लागत नाही. फक्त राहिलेली रक्कम मागतात.

अजमेरच्या वीज कंपनीने एका ग्राहकाला २००९ ते २०११ चुकीच्या दराने बिलं दिली आणि २०१४ मध्ये फरक मागितला. फेब्रुवारी २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणालं की दोन वर्षांची मुदत उलटल्यावर त्या रकमेसाठी वीज तोडता येणार नाही, पण वसुलीचे बाकीचे कायदेशीर मार्ग कंपनीला खुले आहेत. हरयाणातल्या एका कापूस उद्योगाच्या मीटरला गुणक १० ऐवजी ५ धरला गेला होता. म्हणजे वर्षानुवर्षं निम्मंच बिल येत होतं. मागाहून सुमारे १ कोटी ३५ लाखांची मागणी आली आणि ऑक्टोबर २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयात तो उद्योग हरला.

म्हणून अचानक बिल कमी आलं तर देवाची कृपा समजून गप्प बसू नका. लेखी विचारा. आणि नोटीस आली की आधी बघा ती कुठल्या कलमाखाली आहे. खात्याची चूक असताना १२६ लावलं असेल, तर तोच तुमच्या हरकतीचा पहिला मुद्दा.

जुना कारखाना घेताय?

बंद पडलेला बर्फ कारखाना लिलावात स्वस्त मिळतो. पण मागची थकबाकी कुणाची? केरळ वीज मंडळाविरुद्धच्या एका खटल्यात, १९ मे २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की नियमांत तरतूद असेल तर नवीन जोडणी देण्याआधी जुन्या मालकाची थकबाकी भरा, अशी अट वीज कंपनी घालू शकते. "आहे तिथे, आहे तसा" या अटीवर लिलावात जागा घेतली, तर थकबाकीची चौकशी आपणच करायची. मशिनरीची किंमत ठरवण्याआधी वीज खात्यातून थकबाकीचा दाखला मागा. भाड्याने घेत असाल तरी मंजूर लोड किती आणि जोडणी कुणाच्या नावावर, हे करारात लिहून घ्या.

आता काय करायचं?

बंदीचे दिवस यासाठीच चांगले. मशिनं थांबलेली असतात, माणसं मोकळी असतात.

१. वीज बिलावर मंजूर लोड किंवा करारातली मागणी किती लिहिली आहे ते बघा. शेजारी कमाल मागणीचा आकडा असतो. मागच्या बारा बिलांतले दोन्ही आकडे एका कागदावर उतरवा.

२. प्रत्येक मोटरीच्या पाटीवरची अश्वशक्ती लिहा. बेरीज करा, ०.७४६ ने गुणा. दिवे, पंखे, वेल्डिंग मशीन धरा.

३. बेरीज मंजुरीपेक्षा जास्त असेल तर तपासणीची वाट बघू नका. लोड वाढवून घ्यायचा अर्ज आधीच द्या, पोच जपून ठेवा. लोड वाढवायला खर्च येतो, पण दुप्पट आकारणीपुढे तो काहीच नाही.

४. मीटरखोलीत एक वही ठेवा. रोजचं रीडिंग, किती लाद्या काढल्या, कुठली मोटर कधी बदलली, कारखाना कुठल्या तारखेपासून बंद. बंद करताना आणि सुरू करताना मीटरचा तारखेसह फोटो.

५. कारखान्याबाहेर कुणालाही केबल देऊ नका, सख्ख्या भावाला सुद्धा. तात्पुरती जोडणी घ्यायला सांगा.

६. तपासणीला अधिकारी आले तर अडवू नका. ओळखपत्र बघा, आपला माणूस सोबत ठेवा. पंचनामा वाचल्याशिवाय सही करू नका. मजकूर पटत नसेल तर सहीच्या वर तसं लिहा. प्रत मागून घ्या.

७. आदेश हातात पडला की पाकिटावर तारीख टाका आणि त्याच दिवशी वकिलाकडे किंवा सोसायटीच्या कार्यालयात या. पंधरा दिवसांनी नव्हे.

शेवटी

मंजुरीपेक्षा जास्त वीज ओढली तर आपल्याच जेटीवरच्या दुसऱ्या कारखान्याचा व्होल्टेज पडतो, आपल्याच गावातल्या घरांचे पंखे मंदावतात. त्या दृष्टीने कायद्याचं म्हणणं चुकीचं नाही. पण दुप्पट दर आणि अपिलाआधी निम्मी रक्कम, हे ओझं मोठ्या कंपनीला जेवढं जाणवतं त्याच्या दसपट आपल्या छोट्या कारखान्याला जाणवतं. म्हणून आपल्याला चूक परवडत नाही, आणि खात्याकडून झालेली चूक निमूट सोसणंही परवडत नाही.

ज्यांच्या बिलात मंजूर लोड आणि कमाल मागणी यांचा मेळ बसत नाही, त्यांनी मागच्या बारा महिन्यांची बिलं घेऊन १ ऑगस्टच्या आधी कार्यालयात यावं. एकत्र बसून बेरीज करू आणि अर्ज तिथेच लिहू. लेख आपल्या वाड्यावरच्या, जेटीवरच्या कारखानदारांना जरूर पाठवा. फेसबुक न बघणाऱ्या वडीलधाऱ्यांना वाचून दाखवा. बहुतेक जोडण्या त्यांच्याच नावावर आहेत.

दर्या राजा सगळ्यांना भरभरून देवो. येणारा हंगाम सुखाचा जावो.

— सचिव